दोन ठोके

त्या घरात कोणी कोणावर ओरडत नसे. शेजारपाजारच्यांना याचं फार कौतुक होतं. "तुमच्याकडे माशीसुद्धा परवानगी काढून उडते," असं वरच्या मजल्यावरचे निवृत्त ड्रायव्हर म्हणायचे. नातवंडं दंगा करायला लागली की ते त्यांना जिन्यात उभं करून खालच्या बंद दाराकडे बोट दाखवायचे, "बघा, घर असं असावं."

घर शांत होतं ते एका अंगठीमुळे. वडिलांच्या उजव्या हातात जाड लोखंडी अंगठी असे. ते टेबलापाशी त्यांच्या खुर्चीत बसत आणि अंगठी लाकडावर वाजवत. एक ठोका म्हणजे गप्प. मग बोलणाऱ्याचं वाक्य असेल तिथे तुटायचं. दोन ठोके म्हणजे ऊठ आणि आतल्या खोलीत जा. आतल्या खोलीत जे होई ते आतल्या खोलीतच राही. घरातली दोन मुलं, ताई आणि तिचा धाकटा भाऊ, चालायला शिकली त्याच सुमारास हेही शिकली. इतक्या लहान वयात शिकलेली गोष्ट आपल्याला कुणी शिकवली होती, हेसुद्धा पुढे लक्षात राहत नाही.

वडील गेले, तेव्हा खुर्ची भावाकडे आली आणि अंगठीही आली. सुरुवातीला ती त्याला सैल व्हायची, म्हणून त्याने तिला आतून दोरा गुंडाळला होता. लहानपणी आतल्या खोलीतून बाहेर आला की हाच भाऊ ताईच्या मांडीत डोकं खुपसून बसायचा. पुढे त्याचं बोट भरलं आणि दोरा काढून टाकावा लागला.

ताईचा नवरा लग्नानंतर थोड्याच वर्षांत वारला आणि ती आईकडे परत आली, ती कायमची. जवळच्याच कपबश्यांच्या कारखान्यात ती कामाला लागली. भट्टीतून निघालेला प्रत्येक कप तिथे लांब टेबलावर येई. बायका एकेक कप कानाने बोटावर लटकवत आणि लाकडी काडीने त्याला हलकेच मारत. कप चांगला असेल तर तो घुमतो. कुठे बारीक भेग असेल तर आवाज बद्द येतो. दिसणारी भेग कोणीही काढून टाकील; न दिसणारीसाठी हे काम.

या टेबलावर ताईच्या शेजारी एक मुलगी बसायची. तिला सगळ्या जणी रेडिओ म्हणत, कारण हात कपांवर चालू असताना तिचं तोंडही तेवढ्याच वेगाने चालू असे.

"अगं, कपांना बोलू दे जरा!" ताई म्हणायची.

"कपांकडे सांगायला आहे काय, ताई? फुटलोय नाहीतर नाही फुटलो, एवढंच. त्यापेक्षा माझ्या मावशीच्या दुसऱ्या लग्नाची गोष्ट ऐका."

ताईला ती इतकी आवडली की तिनेच भावासाठी तिला मागणी घातली. आईला म्हणाली, "आपल्या घरात जरा आवाज येईल." आई सहसा काही बोलत नसेच.

लग्नानंतर काही महिन्यांनी रेडिओने मुकादम बाईंकडे काम बदलून मागितलं. टेबल नको, कप कागदात गुंडाळून खोक्यांत भरायचं काम द्या.

"वेडी का खुळी? बसून करायचं काम सोडून खोकी उचलणार?"

"त्या टकटकीने कान दुखतात."

"रेडिओचे कान दुखायला लागले! आता आमचे बरे होतील," असं कोणीतरी म्हणालं आणि सगळ्या हसल्या. ताईसुद्धा हसली. पण तिने शेजारी बसून पाहिलं होतं. काडी कपावर पडली की रेडिओची हनुवटी छातीला टेकायची आणि बोलणं थांबायचं. मग मान वर करून ती इकडेतिकडे बघायची, आपण कुठे आहोत ते आठवत असल्यासारखी.

ताईची खोली आतल्या खोलीला लागूनच होती. दोन ठोके, खुर्ची सरकल्याचा आवाज आणि मग दाराची कडी, एवढं तिला ऐकू येई. मग ती स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडून ठेवत असे. भांडी नसली तरी.

रेडिओला मुलगी झाली, छोटी. ती मोठी होऊ लागली. तिनेही बोलण्याआधी गप्प बसणं शिकून घेतलं. कोणी पेला जरा जोरात टेबलावर ठेवला तरी ती तळहात तोंडावर दाबून धरायची. ताईची आई कौतुकाने म्हणायची, "गुणी आहे पोर."

एके दिवशी सकाळी रेडिओ छोटीला घेऊन कारखान्याच्या दवाखान्यात गेली आणि घरी परतली नाही. तिथल्या डॉक्टरबाईंनी तिला तपासलं आणि दार लावून बराच वेळ तिचं ऐकून घेतलं. मारहाणीचं तिने सांगितलं. आतल्या खोलीत तिच्या मनाविरुद्ध जे होई तेही सांगितलं, आणि ते सांगून वर विचारलं, "पण नवराच आहे ना, मग याला काय म्हणायचं?" डॉक्टरबाई म्हणाल्या, "मनाविरुद्ध केलं तर नवऱ्याने केलं तरी तो गुन्हाच. कायदा बदललाय, आता त्यात तसं स्पष्ट लिहिलंय." तक्रार झाली. रेडिओ आणि छोटी बायकांच्या निवाऱ्यात राहू लागल्या. भावाला अटक झाली आणि मग जामीन मिळाला, तिच्याशी कसलाही संपर्क करायचा नाही, तिला धमकवायचं नाही, या अटीवर.

भावाचा वकील घरी आला, तेव्हा आईने त्याला विचारलं, "नवऱ्याने हात लावायचा नाही, तर मग लग्न कशाला करायचं?"

"आई, ते दिवस गेले. नवरा आहे म्हणून आता सुटका नाही," वकील म्हणाला. "पण आपल्या बाजूने बरंच आहे. जखमा भरल्यात. वरचे काका शपथेवर सांगतील की या घरातून कधी चढा आवाज आला नाही. राहता राहिली तिची साक्ष. कोर्टात उभं राहून तिने स्वतःच्या तोंडाने सांगितलं तर जड जाईल. नाही सांगू शकली, तर खटल्यात काही उरत नाही."

"ती नाही सांगणार," भाऊ म्हणाला. तो खुर्चीत बसला होता आणि त्याचा हात टेबलावर होता.

सुनावणी बंद दाराआड होती. आरोपीच्या घरचं एक माणूस बसू शकेल, असं कळलं. आईचे गुडघे धरले होते.

"तू जा," आई ताईला म्हणाली. "आपलं माणूस समोर दिसलं की त्याला धीर येईल."

"आणि तिला?"

"तिला कायदा आहे ना!" आई म्हणाली. ताई गेली.

कोर्टाच्या त्या खोलीत एक नवा लाकडी पडदा उभा होता. सुताराने तो नुकताच बसवला असावा. पॉलिशचा वास अजून येत होता. पडद्याच्या एका बाजूला साक्षीदाराची खुर्ची, दुसऱ्या बाजूला आरोपीचा लाकडी कठडा. न्यायाधीश बाई उंचावर बसल्या होत्या, तिथून त्यांना दोन्ही बाजू दिसत. ताईचं बाकडं भिंतीलगत, अगदी कडेला होतं. तिलाही एका डोळ्याने रेडिओचे मांडीवर घट्ट धरलेले हात दिसत होते आणि दुसऱ्याने भाऊ.

"घाबरू नका," न्यायाधीश बाई रेडिओला म्हणाल्या. त्यांचा आवाज खरंच मऊ होता. "या पडद्यामुळे तुम्हाला ते दिसणार नाहीत आणि तुम्ही त्यांना दिसणार नाही. कायद्यानेच तशी सोय केली आहे. समजा, ते इथे नाहीतच."

सरकारी वकील तरुण होती. तिने सोप्या प्रश्नांपासून सुरुवात केली. घरात कोण कोण राहत होतं? काम काय करता? रेडिओ नीट उत्तरं देत होती. मधेच तिचा जुना सूरही लागला. मुकादम बाईंबद्दल ती काहीतरी म्हणाली आणि कोपऱ्यातला टंकलेखक गालात हसला.

"नवऱ्याने पहिल्यांदा हात उचलला, तो प्रसंग सांगा."

"लग्नाला महिना झाला असेल. जेवताना मी कारखान्यातली एक गंमत सांगत होते. तेव्हा त्यांनी..."

टक.

रेडिओचं वाक्य तुटलं.

कोर्टात आवाज काय कमी असतात? पंखा कुरकुरत होता, टंकलेखकाची बोटं चालत होती, दारातल्या शिपायाच्या किल्ल्या वाजत होत्या. त्यात लाकडावर काहीतरी टेकल्याचा एक आवाज. कोणाचं लक्षही गेलं नाही.

"सांगा, घाई नाही," न्यायाधीश बाई म्हणाल्या. पाणी आलं. रेडिओ प्याली.

"तेव्हा त्यांनी मला..."

टक.

आता ती गप्प झाली ती झालीच. सरकारी वकील बाईंनी प्रश्न फिरवून विचारला, मग आणखी सोपा करून विचारला. रेडिओची हनुवटी छातीला टेकली होती.

भावाचा वकील उठला. "जे घडलंच नाही ते आठवणार तरी कसं, बाईसाहेब?" हे तो मनापासून म्हणत होता. अंगठीची गोष्ट त्यालाही कोणी सांगितली नव्हती.

"तुमची पाळी आली की बोला," न्यायाधीश बाई म्हणाल्या. पण त्यांचाही चेहरा आता थकलेला दिसत होता. त्या पुढे वाकल्या. "हे बघा, तुमच्यावर जबरदस्ती नाही. साक्ष द्यायची तुमची इच्छा नाही असं असेल, तर मला तसं नोंदवावं लागेल. नोंदवू?"

रेडिओला होही म्हणता येईना आणि नाहीही.

ताईच्या ध्यानात आलं की आपलीही जीभ टाळूला चिकटली आहे. पहिला ठोका पडला तेव्हापासून तिने नीट श्वाससुद्धा घेतला नव्हता. तिचे केस पांढरे झाले होते. तिने नवऱ्याचं मरण पाहिलं होतं. कारखान्यात तिच्या हाताखाली पोरी तयार झाल्या होत्या. आणि धाकट्या भावाने बोट हलवलं की तिचं तोंड बंद होत होतं. तिने तोंड उघडायचा प्रयत्न केला. घशातून काहीतरी निघालं, शब्द म्हणावा असं नव्हे, पण निघालं.

भावाने मान वळवून तिच्याकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता. घरी जेवताना मीठ मागावं, तितक्या सहज त्याने हात उचलला.

टक. टक.

ताई उठून उभी राहिली. तिने ठरवलं नव्हतं, गुडघेच उठले. आणि त्याच क्षणी पडद्यापलीकडे खुर्ची सरकल्याचा आवाज झाला. रेडिओही उठली होती.

टंकलेखकाची बोटं थांबली. न्यायाधीश बाई आळीपाळीने दोघींकडे पाहू लागल्या. एक पडद्याआड आणि एक भिंतीलगत, दोन बायका, एकमेकींना न बघता, सारख्याच उभ्या होत्या. माना खाली, हात शरीराशी चिकटलेले, पावलं दाराकडे वळलेली.

"तुम्हाला कोणी उठायला सांगितलं?" त्यांनी रेडिओला विचारलं. मग ताईला, "तुम्ही का उठलात?"

ताईने भावाच्या हाताकडे पाहिलं. तो अजून कठड्यावरच होता.

"दोन ठोके झाले म्हणून," ती म्हणाली. तिचा आवाज तिलाच अनोळखी वाटला. "एक म्हणजे गप्प. दोन म्हणजे ऊठ, आत जा. आमच्याकडे असंच आहे."

"तुमच्याकडे म्हणजे कुठे?"

"घरी. आधी वडील वाजवायचे."

"बाईसाहेब, या साक्षीदार नाहीत!" भावाचा वकील म्हणाला.

"मला त्यांची साक्ष नकोय. माझ्या कोर्टात माझ्यासमोर काय चाललंय, ते मी विचारतेय. तुम्ही बसा."

"ताई, काय हे?" भाऊ हसायचा प्रयत्न करत म्हणाला. "बाईसाहेब, हाताची सवय आहे माझ्या. काळजीत असलो की आपोआप होतं."

"असेल. पण तुमची काळजी ऐकून या दोघी एकदम का उठल्या?"

न्यायाधीश बाई काही वेळ त्या नव्या पडद्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "अंगठी काढा."

अंगठी निघेना. बोटाच्या पेरावर ती अडकून बसली होती. शिपायाने बेसिनवरचा साबण आणला, भावाचा हात आपल्या हातात घेतला आणि लहान मुलाला समजवावं तसं पुटपुटत राहिला, "ढिला सोडा साहेब... ढिला... असं." सगळी खोली बघत होती. भावाचा खालचा ओठ थरथरला. आतल्या खोलीतून बाहेर यायचा तेव्हा थरथरायचा, तसाच. ताईने नजर फिरवली. निघाली तेव्हा शिपायाने अंगठी पुसली आणि टंकलेखकाच्या टेबलावर, रुमालावर ठेवली. आवाज होऊ नये म्हणून असेल.

रेडिओ खाली बसली होती. ती वाट बघत होती. तिला वाट बघू दिली. पंखा कुरकुरत राहिला आणि त्यात दुसरा कुठलाच आवाज आला नाही.

"तेव्हा त्यांनी ठोका दिला," ती म्हणाली. तुटलं होतं तिथूनच तिने वाक्य उचललं. "मी नवीन होते. मला वाटलं, माझ्या गोष्टीला ताल धरलाय. म्हणून मी आणखी रंगवून सांगायला लागले. मग दोन ठोके दिले. मी हसले. मला काही माहीतच नव्हतं. सासूबाईंनी माझा दंड धरून मला उठवलं आणि आत नेऊन सोडलं."

पुढचं तिने सांगितलं. सरकारी वकील विचारत गेली आणि ती सांगत गेली. पट्टा. उशी. नाही म्हटल्यावर काय व्हायचं, आणि नाही म्हणायचं सोडून दिल्यावर काय व्हायचं. टंकलेखक आता हसत नव्हता. ताईला हे सगळं ठाऊक होतं, पण आवाज म्हणून. त्या आवाजांना शब्द असतात हे ती आज ऐकत होती.

"घरात दुसऱ्या कोणाच्या कानावर हे गेलं असेल का?"

"ताईंच्या," रेडिओ म्हणाली. तिच्या बोलण्यात दोष देणं नव्हतं. कप फुटलाय की नाही, हे सांगावं तसं ती सांगत होती. "त्या स्वयंपाकघरात नळ सोडायच्या. मला आतून पाण्याचा आवाज यायचा. पाणी सुरू झालं की मला कळायचं, आता कोणी येणार नाही."

ताई बाकड्यावर बसून राहिली. तिथे नळ नव्हता.

साक्षीदाराला धमकावल्याबद्दल भावाचा जामीन तिथल्या तिथे रद्द झाला. निकाल अजून लांब होता. पोलिसांनी त्याचं घड्याळ, पट्टा आणि पाकीट काढून घेतलं आणि घरचं माणूस म्हणून ते एका पिशवीत घालून ताईच्या हातात दिलं. अंगठीची नोंद कोर्टाच्या कागदांत झाली होती, ती ठेवून घ्यायची गरज नव्हती. तीही त्यांनी पिशवीत टाकली. बाहेरच्या आवारात निवाऱ्यातली मदतनीस बाई रेडिओला गाडीकडे नेत होती. रेडिओने ताईकडे पाहिलं. ताईला वाटलं ती काही बोलेल. दार लावून गाडी निघून गेली.

घरी आई जेवणाच्या टेबलापाशी बसली होती. वकिलाने तिला फोन केला होता.

"आलीस," ती म्हणाली. "माझ्या पोराला आत टाकून आलीस."

"मी फक्त का उठले ते सांगितलं, आई."

"घरातलं घरात ठेवायला काय झालं होतं? मी नाही ठेवलं? तुझे वडील काय कमी होते? मी गेले कोणाच्या दारात?"

"तूच तिला दंडाला धरून..."

आईने पिशवी ओढून घेतली. आत हात घालून तिने अंगठी काढली आणि अंगठ्यात घातली. तिथेसुद्धा ती सैल होती. आईचा हात म्हातारा आणि हलका होता, पण टेबल तेच होतं.

टक.

ताईचं वाक्य तुटलं. मग ती म्हणाली, "तूच तिला दंडाला धरून आत नेलंस. मी नळ सोडला." शब्द एकेक करून, ओले दोर विहिरीतून ओढावेत तसे आले, पण आले.

टक. टक.

ताई उठली. न उठणं तिला याही वेळी जमलं नाही. पण आतल्या खोलीकडे वळलेली पावलं तिने थांबवली, चपला पायात घातल्या आणि बाहेरचं दार उघडून ती जिन्यात आली. मागे आई वाजवतच राहिली. आता त्यात एक नव्हता की दोन नव्हते, नुसतंच लोखंड लाकडावर पडत होतं.

वरच्या मजल्यावरचे काका कठड्यावरून खाली वाकले.

"काय हो ताई, आज तुमच्याकडे आवाज? काही दुरुस्ती काढलीय वाटतं?"

"नाही," ताई म्हणाली. कुठे जायचं ते तिला माहीत नव्हतं, म्हणून ती तिथेच पायरीवर बसली. "हे रोजचंच आहे. साक्ष द्यायला जाण्याआधी खाली या, काका. इथे माझ्याजवळ बसा आणि नीट ऐका."

काका एकेक पायरी उतरू लागले.